आकाराम पैलवान जित्तं हायत!

...आणि म्हशीचं काय म्हणता? मुंबईच्या दूरदर्शनवर बातम्या वाचणाऱ्या बाईला कधी म्हशीनं अडवलं का? सांगा ना! ती बाई कशी, केसांत गजरा, मागं निळा पडदा, गोड आवाजात 'नमस्कार' म्हणते आणि सगळा महाराष्ट्र चूप! आणि इकडं कोल्हापुरात मी 'नमस्कार, आजच्या ठळक बातम्या' म्हणायला तोंड उघडलं रे उघडलं की खालच्या गोठ्यातून... हॅंऽऽऽ! एखाद्या दिवशी नाही हो, रोज! धारेची वेळ आणि बातम्यांची वेळ एकच, सकाळी सात! मी बाळासोला म्हटलं, बाळासो म्हणजे आमचा मालक, त्याला म्हटलं, अहो ती म्हैस तरी दुसरीकडं बांधा! तर म्हणतो कसा, "पांढरं सायेब, म्हस आदीपास्नं हाय. मागनं तुमी आलासा."

पांढरं सायेब! माझं नाव यज्ञेश्वर पांढरीपांडे, राहणार महाल, नागपूर. आमच्याकडं गल्लीत दगड मारला तर पांढरीपांड्याला लागतो, इतकं साधं आडनाव. पण कोल्हापुरात पहिल्या दिवशी नाव सांगितलं तर समोरचा माणूस पोट धरून हसून राहिला! "पांढरंपांडे? मग तांबडंपांडे कुठं हायत? घरात रस्सा दोन्ही लागतोय की वो!" मी वरणभात खाणारा माणूस, राजेहो!

तुम्ही म्हणाल, मग आलाच कशाला? अहो, आलो कुठं, फसलो! नागपूरला एका पेपरात चांगला उपसंपादक होतो. कोल्हापूरच्या एका सकाळच्या पेपरानं बोलावलं, मोठं पद देतो म्हणाले. मी बायको घेतली, ट्रंक घेतली, संत्र्याची करंडी घेतली, अख्खा महाराष्ट्र आडवा कापून इथं उतरलो, तर पेपर बंद पडून राहिला होता! दारावर कुलूप! मी तिथल्या तिथं ट्रंकेवर बसलो आणि प्रमोदिनीला, म्हणजे बायकोला, म्हटलं, चल, उलट पावली परत. मी तर निघूनच राहिलो होतो, राजेहो!

तेवढ्यात हा बाळासो आला. याचा धंदा लग्नाचं शूटिंग करायचा. शिवाय घरात व्हिडिओ, आणि त्या व्हिडिओची वायर याच्या कौलावरून त्याच्या पत्र्यावर, पत्र्यावरून चिंचेवर, अशी सगळ्या पेठेत फिरवलेली. संध्याकाळी घरोघरी पिक्चर दाखवायचा. आता म्हणे सकाळी बातम्या दाखवायच्यात. माझं बोलणं त्यानं रस्त्यावर उभं राहून ऐकलं, मी कुलपाला शिव्या देत होतो तेवढंच, आणि म्हणाला, "आयला! काय मराठी हाय! इस्तरी केल्यावानी! पावणं, टीव्हीवर याल काय?"

टीव्हीवर! तुम्हाला खोटं कशाला सांगू, माणूस तिथंच पाघळतो. लहानपणापासून रेडिओसमोर बसून बातम्यांची नक्कल करणारा मी! म्हटलं, चार दिवस करू, मग जाऊ. स्टुडिओ पाहिला. गोठ्याच्या वरची माडी. मागं लग्नातला मखमली पडदा, त्याच्यावर जरीनं 'शुभविवाह' लिहिलेलं. बाळासो म्हणे, "त्येच्या आडवं तुमी बसा, मग दिसत न्हाई." मी बसलो, तर 'शुभ' माझ्या उजव्या कानातून निघे आणि 'वाह' डाव्या कानातून! लोक म्हणत, वाह, काय शुभ बातम्या वाचतात!

आणि पद्धत कशी? बाळासो कॅमेरा तिपाईवर लावणार, बटण दाबणार, लाल दिवा लागला की मला बोटानं खूण करणार आणि खाली धारोष्ण दूध प्यायला जाणार. माडीवर मी एकटा. थेट प्रक्षेपण हो! तोंडातून सुटलं ते पेठेत गेलं! आणि बातम्या काय, नळाला पाणी येणार नाही, अमक्याची म्हैस चुकली आहे, तमक्याच्या मुलाला नोकरी लागली... मला वाटे, यज्ञेश्वरा, तू काय व्हायला निघाला होता आणि काय वाचून राहिला!

बरं, माझ्या बोलण्याचीही थट्टा! मी म्हटलं, "बाळासो, मी निघून राहिलो." म्हणजे आमच्या नागपूरकडं निघतोय, या क्षणी निघतोय! तर हा म्हणतो, "निघून ऱ्हायलासा? मग निगालासा का ऱ्हायलासा? एक कायतरी धरा की!"

घरी यावं तर घरी आणखीच तऱ्हा. एक दिवस दार उघडून प्रमोदिनी मला म्हणते, "अहो, मी भाजी घेऊन आलो. आता मी जरा शेजारी जातो." आलो! जातो! मी म्हटलं, अगं तू बाई आहेस ना? आलो काय? तर म्हणते, "इथं सगळ्याच बायका म्हणतात. मला लई आवडलं." लई! नागपूरच्या प्रोफेसराची मुलगी राजेहो, लई म्हणून राहिली! मी त्या दिवशी जेवलो नाही. नंतर जेवलो. पण ठरवून टाकलं, आता इथं राहायचं नाही. हिची भाषा गेली, उद्या माझी जाईल. आणि भाषा गेली तर माझ्याजवळ उरतं काय हो? माझ्याजवळ ना शेत, ना दुकान. माझ्याजवळ फक्त एक शुद्ध 'ण' आहे!

तर मी गुपचूप दूरदर्शनला अर्ज केला. वृत्तनिवेदक पाहिजेत म्हणाले होते. आणि काय सांगू तुम्हाला, बोलावणं आलं! मुंबईला या, वाचनाची परीक्षा द्या, उच्चार पाहतो. मी आरशासमोर उभा! बाण, प्राण, निर्माण! षट्कोण! विशेष! शेजारच्या अंबूबाई प्रमोदिनीला विचारून राहिल्या, "तुजा नवरा सकाळधरनं कुणाला शिव्या देतोय?" देऊ द्या! मला आता कोणाची पर्वा नव्हती. प्रमोदिनीला म्हटलं, ट्रंक भर. ती म्हणाली, "तुम्ही जावा. मी हितंच राहतो." म्हटलं, राहा, पास झालो की येशील मागून. मी तर निघूनच राहिलो होतो!

आणि नेमका त्याच आठवड्यात कृष्णातचा फोन आला.

कृष्णात म्हणजे आमचा बातमीदार. बातमीदार म्हणजे काय, दूध गोळा करायला गावोगाव फिरे आणि दिसलं ते फोनवरून सांगे. आदल्या दिवशी जयसिंगपूरकडच्या एका गावात जत्रा होती. सात वाजायला आलेले, मी टाय बांधून राहिलो, आणि फोनवर हा ओरडतोय, मागं कसला तरी गलका, "सायेब! मोटी बातमी! केरबानं आकारामाला मारला की वो!"

माझ्या हातातला टाय सुटला. आकाराम म्हणजे आमच्याच पेठेतला पैलवान! रोज सकाळी खाली गोठ्यात तांब्याभर दूध पिणारा! म्हटलं, "मारला? कधी? कुठं?"

"काल! भर मैदानात! समद्या लोकांच्या फुडं! उचलला आन असा आपाटला, हलू दिला न्हाई!"

"अरे बाप रे! कोणी मधे पडलं नाही?"

"मधी कशाला पडतील? लोक नाचाय लागली की!"

नाचले! "आणि पोलीस? पोलीस नव्हते का बे तिथं?"

"हुते की! त्यांनीच पयल्यांदा टाळ्या वाजिवल्या!"

"आणि केरबाला पकडलं?"

"पकाडतील कशाला? खांद्यावर घेटला! सरपंचानं फेटा बांदला!"

मी कागद ओढला. कसंबसं विचारलं, "मारला... कशानं?"

"घिस्स्यानं!"

आता तुम्ही सांगा, तुम्ही सुशिक्षित लोक आहात, महालातल्या माणसाला घिस्सा म्हणजे काय हे कुठून माहीत असणार? मला वाटलं, विळ्या-कोयत्यासारखं काही असेल इकडचं! आणि फोन कट झाला, तेवढ्यात बाळासो वर आला. लाल दिवा लागला. बाळासोनं बोट दाखवलं आणि तो गेला दूध प्यायला. माडीवर मी, पाठीमागं शुभविवाह, आणि माझ्या आत पत्रकार जागा झालेला! बसलो आणि वाचलं, नव्हे, गर्जलो! "नमस्कार! काल जत्रेत भर मैदानात केरबा या इसमाने आपल्या पेठेतील तरुण पैलवान आकाराम यांना घिस्सा या धारदार हत्याराने ठार मारले! उपस्थित जमावाने नृत्य केले! पोलिसांनी टाळ्या वाजवल्या! सरपंचांनी आरोपीस फेटा बांधला! हे राज्य आहे की जंगल?"

आणि ती म्हैस! रोज नळाच्या पाण्याच्या बातमीत तोंड घालणारी ती म्हैस, त्या दिवशी हूं नाही की चूं नाही! ऐकून राहिली!

बाळासो धडाधडा जिना चढून आला, ओठावर दुधाची मिशी तशीच. "सायेब, ह्ये काय केलासा!" म्हटलं, सत्य सांगितलं! तो डोकं धरून खाली बसला. "आवो, मारला म्हंजे पाडला! कुस्तीत पाडला! चितपट केला! घिस्सा म्हंजे डाव असतोय, डाव! नागपुरात कुस्त्या खेळत न्हाईत काय?" अहो खेळतात! पण आमच्याकडं पाडला तर पाडला म्हणतात, मारला तर मारला म्हणतात! मी काय वेगळं केलं?

पण आता ऐकतं कोण? पेठेत हलकल्लोळ! आकारामच्या आईनं, धोंडुबाईनं, स्वतःच्या डोळ्यांनी टीव्हीवर पाहिलेलं. ती म्हातारी जी ओरडली ना... नाही, हसू नका. ते ओरडणं मी ऐकलं आहे. खिडकीतून थेट माडीवर आलं. नवरा नाही, एकच लेक, आणि मी टाय लावून तिला सांगितलं की तो गेला. मला रडू आलं, राजेहो, सांगून ठेवतो. जाऊन सांगतो म्हटलं, मावशी, तो जिवंत आहे. पण बाळासो मला जिना उतरू देईना. "आता गेलासा तर तुमचीबी बातमी हुईल." तो स्वतः गेला सांगायला, तर लोक म्हणे, "टीव्हीवर सांगिटलंय, तू कोण सांगणार?" पाहा! एवढा विश्वास! नळाच्या बातमीवर कधी ठेवला नाही!

तिकडं बांबू आले, गाडगं आलं, शाहूवाडीकडच्या पाहुण्यांना निरोप गेले. आणि दुपारी एसटीतून आकाराम उतरला. रात्री जत्रेतलं मटण जेवून तिथंच झोपला होता गडी. दारात ही गर्दी. हरलेला माणूस, मान वर करायची सोय नाही, कडेकडेनं आला आणि एका म्हाताऱ्याला हळूच विचारतो, "कोण गेलं वो?"

म्हातारा मान खाली घालून, "आकाराम गेला रं."

"आरारारा... कवा?" आणि हा टॉवेल तोंडाला लावून त्याच्याशेजारी बसला!

मग धोंडुबाईनं पाहिलं. आधी किंचाळली, मग मिठी मारली, मग दोन थोबाडात दिल्या, मग परत मिठी मारली. आणि मग सगळी मिरवणूक निघाली माझ्याकडं. पुढं धोंडुबाई, मागं आकाराम, त्याच्यामागं तालीम! मी माडीवर. खाली म्हैस. पळणार कुठून? मी ट्रंकेचा विचार करून राहिलो होतो. मी तर निघूनच राहिलो होतो, पण जिना एकच!

आकाराम वर आला. दार भरून गेलं. मी हात जोडले, म्हटलं, पैलवान, माफ करा, आत्ता खुलासा करतो की तुम्ही मेला नाही, फक्त हरला. तर तो माझ्या पाया पडायला वाकला! "सायेब, पाया पडतो, तेवडं नका करू! मेलो म्हनलासा त्येचं काय न्हाई. पर हरलो म्हनून टीव्हीवर सांगिटलासा तर पेठंत तोंड कुटं दाखवू? त्यापरास मेलो त्येच ऱ्हाऊ द्या!"

"गप रं मुडद्या!" धोंडुबाई गरजली. मग माझ्याकडं वळली. "ज्या तोंडानं मारलास, त्याच तोंडानं उठिव! माझं पावणं शाहूवाडीस्नं रडत निगाल्यात. रोज सकाळी सांगायचं, माजा ल्योक जित्ता हाय म्हनून. समद्यास्नी पटुस्तवर!"

आता मधला मार्ग काय? आईला जिवंत पाहिजे, लेकाला हरल्याचा उल्लेख नको. बाळासोनं तोड काढली. 'काल कायबी झालं न्हाई, आकाराम पैलवान जित्तं हायत', एवढंच रोज वाचायचं. मी म्हटलं, काहीच झालं नाही ही बातमी कशी होते? बाळासो म्हणाला, "वायरी तोडतील मर्दा. वाचा."

मी वाचलं. "आकाराम पैलवान सुखरूप आहेत." तर धोंडुबाई कॅमेऱ्याशेजारीच ठाण मांडून बसलेली! म्हणते, "आहेत काय? माझ्या पावण्यांस्नी ही पोथीतली भाषा कळंल व्हय? हायत म्हन!" थेट प्रक्षेपणात हो! मी म्हटलं, "हायेत." "हायेत न्हाई, हायत! जित्तं हायत! आन 'कुनी रडू नगासा' म्हन!" आणि मी, बाण-प्राण-निर्माणवाला मी, लाल दिव्याकडं पाहून म्हटलं, "आकाराम पैलवान जित्तं हायत! कुनी रडू नगासा! भेटाय येनाऱ्या पावण्यांनी परत जावं!"

एकदा वाचून भागलं का? अहो, शाहूवाडीच्या डोंगरातून रोज नवा पाहुणा रडत पेठेत हजर, आणि टीव्हीवर ऐकल्याशिवाय त्याला पटेना! कोणाला निरोप उशिरा, कोणाची एसटी उशिरा. रोज सकाळी म्हातारी येऊन बसे. चुकलं की मांडीवर चापट. आणि चापट मारून झाली की पदराखालून डबा काढे, "खा. लई वाळलायस. नागपुरात खायाला न्हाई व्हय?" काय करावं सांगा! रागवावं तर तोंडात भाकरी! आणि पेठ? पेठ खूश! पूर्वी माझ्या बातम्या लागल्या की लोक दात घासायला उठत. आता बायका चूल सोडून येत, "म्हातारी आज काय बोलतीया बगू." मला रस्त्यात लोक हाक मारत, "काय सायेब, जित्तं हायसा न्हवं?"

मुंबईला जायचा दिवस आला. मी सकाळी बुलेटिन वाचलं, "आकाराम पैलवान जित्तं हायत", आणि संध्याकाळी रेल्वेत बसलो. रात्रभर घोकलं. आहेत. आहेत. आहेत. सोबतच्या प्रवाशानं विचारलं, "कोण आहेत?" मी तोंडावर चादर ओढली!

आणि काय जागा हो ती! गार हवा, निळा पडदा. त्याच्यावर शुभविवाह नाही. खाली गोठा नाही. अशी शांतता की माझाच श्वास मला ऐकू येऊन राहिला! काचेपलीकडं एक चष्मेवाले अधिकारी. समोर कागद. मी पहिलं वाक्य वाचलं, 'ण' असा वाजला राजेहो, देवळातली घंटा! दुसरं वाचलं, ते हसून मान डोलावून राहिले. म्हटलं, जमलं! यज्ञेश्वरा, सुटला तू! हीच जागा आपली, इथंच मरायचं!

मग ते म्हणाले, आता कॅमेऱ्यात बघून वाचा. आणि लाल दिवा लागला.

तो लाल दिवा पाहिला आणि मांडी आपोआप आकसली... चापट येते म्हणून! कागदावर होतं, 'केंद्रीय कृषिमंत्री परदेश दौऱ्यावरून आज दिल्लीत परतले.' एवढंच! साधं! आणि मी दिव्याकडं पाहून खणखणीत आवाजात म्हटलं, "केंद्रीय कृषिमंत्री आज दिल्लीला परत आल्यात! जित्तं हायत! कुनी रडू नगासा!"

त्या अधिकाऱ्यांनी चष्मा काढला. पुसला. परत लावला. माझ्याकडं पाहिलं आणि फार सौम्यपणे, अगदी आपल्या माणसासारखं विचारलं, "आपण मूळचे कोल्हापूरचे का हो?"

माझं डोकं असं तापलं! कोल्हापूरचा? मी? महालातल्या माझ्या सगळ्या पिढ्या डोळ्यांसमोर उभ्या राहिल्या, आजोबा, पणजोबा, सगळे धोतर सावरून उठले की सांग रे त्याला! मी खुर्चीतून ताडकन उभा राहिलो, छाती भरून श्वास घेतला, सगळा अपमान, सगळा राग, सगळं नागपूर जिभेवर आणलं, तोंड उघडलं आणि म्हटलं,

"व्हय की!"

...आलो परत इथंच. लावा उद्या सकाळी टीव्ही. हाय मी.